दर सोमवारचा आकडा

एकतीस वर्षं मी कापडी बॅनर छापतोय. कोरियातल्या आमच्या तालुक्यात कुणी परीक्षा पास झालं, निवडून आलं, सत्तरीला पोचलं, की अभिनंदन आधी माझ्या यंत्रातून निघतं आणि मग लोकांच्या तोंडातून. पण खोटं मी छापत नाही, आणि म्हणूनच ज्याचा आकडा दर सोमवारी बदलावा लागतो असा बॅनर माझ्या गळ्यात पडला. तो सोतगोलच्या इनसॉकचा.

सोतगोल बाजारापासून बसने वीस मिनिटांवर. घरं अडतीस, त्यांतली अकरा बंद. गावच्या प्रमुखाला आमच्याकडे इजांग म्हणतात, आणि सोतगोलचा इजांग म्हणजे बांग, वय सत्याहत्तर. ओढ्यापलीकडच्या हानसिल गावच्या इजांगने आपली नात डॉक्टर झाल्याचा बॅनर तिठ्यावर लावला, त्या दिवसापासून बांगला भात गोड लागत नव्हता, असं त्याची बायको सांगते. मग एका ऑक्टोबरात तो धापा टाकत माझ्या दुकानात शिरला.

"यॉम, छाप. हार्दिक अभिनंदन. प्यो इनसॉक, टेनिस, जगात अठराशे चौऱ्याऐंशीवा."

"कितवा?"

"ऐकलंस तेच छाप. आणि आकडा मोठा काढ."

इनसॉक गिरणीवाल्या बाईचा एकुलता एक मुलगा. ती तिळाचं तेल काढून देते, तिखट दळून देते. गावच्या शाळेत तेव्हा मुलं एकोणीस होती आणि हेडमास्तरांना टेनिसचं वेड होतं, म्हणून शाळेला फुटबॉलचं मैदान नव्हतं, टेनिसचं कोर्ट होतं. पुढे शाळा बंद पडली, हेडमास्तर वारले, इनसॉकचं टेनिस तेवढं उरलं. लष्करातली सक्तीची वर्षं त्याने छावणीच्या कोर्टावरचं गवत उपटण्यात आणि कर्नलसाहेबांकडून हरण्यात काढली. ते हरणं सोपं नव्हतं. साहेबांना संशय येता कामा नये आणि घाम दोघांनाही सारखाच यायला हवा. त्यासाठी त्याने एक खास चेंडू तयार केला होता, साहेबांच्या रॅकेटवर अलगद जाऊन बसणारा. इनसॉक त्यात इतका तरबेज झाला, की लष्करातून सुटल्यावर तीन वर्षं तो परदेशातल्या अनोळखी पोरांकडूनही तसाच, थोडक्यात आणि मन लावून, हरत राहिला. हाताची ती सवय जाता जाईना.

बाकी त्याचं जिणं म्हणजे तीन खेळाडूंत एक खोली, बेसिनमध्ये धुतलेले मोजे, आईने दिलेला तिखटाचा डबा आणि पहिल्याच फेरीत हरून बहुतेक मंगळवारी परतीचा प्रवास. एकतिसाव्या वर्षी तो एकदाचा पहिल्या फेरीचा सामना जिंकला. त्याचा त्याला एक गुण मिळाला, आणि एका गुणावर जगाच्या क्रमवारीत नाव लागलं.

पुढच्या सोमवारी तो अठराशे सत्त्याण्णवावा झाला. बांगला वाटलं, तेरा वाढले. त्याने म्हाताऱ्यांच्या बैठकीच्या खोलीत सगळ्यांना तांदळाची दारू पाजली आणि मला नवा आकडा लावायला बोलावलं. तेवढ्यात हानसिलचा इजांग कू सायकल ढकलत आला.

"बांग, आकडा जेवढा लहान तेवढा खेळाडू मोठा. तुझ्या गावचा पोरगा खाली घसरलाय."

बांग म्हणाला, "माझ्या गावचा पोरगा जगात कितवा ते मला ठाऊक आहे. तुझी नात जगातली कितवी डॉक्टर, सांग बघू."

कू सायकल वळवून निघून गेला. दुसऱ्या दिवशी माझ्या दुकानात येऊन त्याने हळूच विचारलं, "हे डॉक्टरांचंही कुठे कळतं का हो?"

तेव्हापासून मी आकड्यांचे चिकटपट्टीचे तुकडे करून ठेवले. दर सोमवारी शिडी घेऊन जायचं, जुना आकडा ओरबाडायचा, नवा दाबून बसवायचा. खाली सोतगोलचे म्हातारे उभे राहून मिरचीचा भाव ऐकावा तसा आकडा ऐकायचे.

नववर्षाला इनसॉक घरी आला आणि मला शिडीवर बघून लाजेने लाल झाला.

"काका, काढा ना हे. एका गुणाचा बॅनर कोण लावतं?"

"गाव लावतं. तू तुझा गुण सांभाळ."

"सांभाळता येत नाही काका. वर्ष झालं की तो गळतो. ऑक्टोबरच्या आत एक सामना जिंकलो नाही, तर आकडाच राहणार नाही." तो शिडी धरून उभा होता. "आईला शब्द दिलाय, आकडा गेला की रॅकेट ठेवायची आणि गिरणीवर बसायचं."

"मग?"

"मला खेळायचंय काका," तो म्हणाला. बत्तिसाव्या वर्षाकडे झुकलेला बाप्या, पण बोलला तो नापास झालेल्या पोरासारखा. मला त्याचा रागही आला आणि कीवही.

सप्टेंबर सरेपर्यंत तो हरत राहिला. शेवटची एकच स्पर्धा उरली, बसने तीन तासांवरच्या शहरात. तिच्या आदल्या आठवड्यात त्याची आई दुकानात आली.

"यॉमभाऊ, एक छापून ठेवा. 'प्यो इनसॉक तेलगिरणी.' कुणाला बोलू नका."

"म्हणजे हरणार हे धरूनच चाललात?"

"तसं नाही. पण हरला तर पोर नुसत्या दारात नको यायला. दारावर त्याचं नाव हवं."

ती गेली न गेली तोच बांग हजर. गावातला सगळ्यात तरुण माणूस त्रेसष्ट वर्षांचा आहे, आपले गुडघे गेलेत, पुढे इजांग कोण होणार, हे रडगाणं त्याने पहिल्यापासून गायलं.

"मग पोरगा हरावा असं वाटतं का तुम्हाला?"

"जीभ झडेल तुझी. जिंकावा. आणि घरी यावा."

"दोन्ही कसं होईल?"

"ते वरच्याने बघावं. मी बस ठरवलीय."

बसमध्ये सतरा म्हातारे, इनसॉकची आई, मी आणि तांदळाच्या वड्यांची तीन पातेली. पंचांनी सुरुवातीलाच सांगितलं, खेळ चालू असताना आवाज नको. आमच्या लोकांनी ते इतकं मनावर घेतलं, की इनसॉकने गुण मिळवला तरी कुणी हूं की चूं केलं नाही. पितरांच्या पूजेला बसावेत तसे सगळे मान खाली घालून बसले. समोर जपानहून आलेला सतरा वर्षांचा पोरगा होता. चेंडू असा मारत होता, जणू चेंडूने त्याचं काही वाकडं केलंय. एक सेट त्याचा, एक इनसॉकचा, आणि तिसरा बरोबरीत, निकालाच्या टायब्रेकपर्यंत आला.

इनसॉकने आता एक गुण मिळवला की सामना त्याचा होता. शर्ट पिळून निघेल इतका भिजला होता. पोरट्याने कोपऱ्यात जोरात चेंडू मारला. इनसॉक कसाबसा पोचला आणि दमलेल्या हाताने, विचार न करता, जुनी सवय काढली. कर्नलसाहेबांचा चेंडू टाकला. अलगद, प्रेमाने, समोरच्याच्या रॅकेटवर. असला सोपा चेंडू त्या पोराने जन्मात पाहिला नसावा. मारायला त्याला सगळा वेळ होता, आणि तो सगळा वेळ घेऊन त्याने चेंडू रेषेबाहेर घातला.

तरीही कुणी टाळी वाजवेना, कारण आता आवाज चालेल हे कुणी सांगितलं नव्हतं. शेवटी मीच उठून टाळ्या पिटल्या, तेव्हा एकच गलका झाला. बांग रडत होता. इनसॉकची आईही टाळ्या वाजवत होती.

"म्हणजे आता आणखी एक वर्ष," ती मला म्हणाली.

परतताना बांगने वडी हातात धरली होती, ती उतरेपर्यंत तशीच राहिली. दुसऱ्या दिवशी इनसॉकच्या आईने ते तेलगिरणीचं छापलेलं कापड मागून नेलं. वाया कशाला घालवायचं, म्हणाली.

पुढच्या वर्षी छुसॉकला, म्हणजे सुगीच्या सणाला, इनसॉक दोन दिवस घरी आला. नवा गुण त्याला मिळाला नव्हता आणि जुना महिन्याभरात गळणार होता. सोमवार होता. आकडा बदलून मी गिरणीत पाणी प्यायला गेलो. अंगणात लाल मिरच्या वाळत होत्या. अचानक पावसाची बुरबुर सुरू झाली आणि आम्ही तिघं मिरच्या गोळा करायला धावलो. पोती भरून आत नेली, मग इनसॉकने खालचं कापड उचलून झटकलं आणि ते उलटलं. आतल्या बाजूने त्याचं नाव निघालं, माझ्या जाड अक्षरांत. खाली तेलगिरणी.

"आई, हे कधी छापलंस?"

"यॉमभाऊंकडे कापड उरलं होतं," ती पोत्याचं तोंड बांधत म्हणाली.

इनसॉकने माझ्याकडे पाहिलं.

"हो," मी म्हणालो, "उरलं होतं."

मग कापड टॉवेलने पुसून, अक्षरं आत घेऊन त्याने घडी घातली आणि गिरणीतल्या वरच्या फळीवर ठेवली.

"यावर मिरच्या घालू नकोस आई," तो म्हणाला. "पुढे लागेल."

दुपारच्या बसने तो पुढच्या स्पर्धेला गेला. उरलेल्या मिरच्या त्याच्या आईने त्या वर्षी नुसत्या सिमेंटवर वाळवल्या.