दार लावल्यावरचं नाव

"दार लावल्यावर घरात तुम्हाला काय हाक मारतात?"

जपानी भाषेच्या वर्गाचा पहिला दिवस आणि सेन्सेईंचा हा पहिला प्रश्न. जपानीत गुरूला सेन्सेई म्हणतात, म्हणून आम्ही सगळे त्यांना तेच म्हणायचो. चष्मा नाकाच्या शेंड्यावर, हातात खडू, चेहऱ्यावर हसू नाही. आपण नाव-आडनाव सांगायला तोंड उघडावं, तर त्या खडूनेच थांबवत. "आडनाव आधार कार्डाला सांगा." मग कोणी लाजत 'बबडी' म्हणे, कोणी 'चिंट्या'. एक चांगला दाढीवाला इंजिनिअर 'सोन्या' म्हणाला तेव्हा वर्ग हसला. सेन्सेई हसल्या नाहीत. "हे कोणी बदलायला लावलं तर मला येऊन सांगा," एवढंच म्हणाल्या.

शनिवार पेठेत एका चष्म्याच्या दुकानावर त्यांची वर्गाची खोली होती, आणि तिच्यामागच्याच दोन खोल्यांत त्या एकट्या राहत. चपला दाराकडे तोंड करून ठेवायच्या हा जपानी नियम, आणि दुसऱ्याच्या चपलेवर ठेवायच्या नाहीत हा त्यांचा स्वतःचा. मी हडपसरहून दोन बस बदलून जायची. तिकडच्या कारखान्यांत जपानी साहेब येत आणि त्यांचं बोलणं समजावून सांगणाऱ्यांना बरी नोकरी मिळे. माझा हेतू तेवढाच होता. सेन्सेईंना तो ठाऊक होता आणि त्यांनी तो कधी मनावर घेतला नाही.

क्रियापदं शिकवता शिकवता त्या मध्येच जपानच्या साम्राज्यात शिरत. तिथे गादीवर असलेल्या सम्राटाचं नाव कुणी तोंडाने उच्चारत नसे, असं त्यांनी सांगितलं, तेव्हा मी पटकन बोलून गेले की आमची आजीही आजोबांचं नाव घेत नाही. सेन्सेईंनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "हो का? तुमच्या आजोबांचं साम्राज्य कुठवर होतं? हडपसर गाडीतळापर्यंत?" पुढे महिनाभर वर्ग मला सम्राटाची नात म्हणत होता.

एक गोष्ट मात्र सांगताना त्या चेष्टा करत नसत. कोरियावर जपानचं राज्य होतं तेव्हा तिथल्या लोकांना आपली नावं टाकून जपानी धर्तीची नावं घ्यायला लावली. शाळेत मास्तर नवं नाव पुकारायचे आणि मूल गप्प बसून राहायचं. "मूल बहिरं नव्हतं," सेन्सेई म्हणत. "आपल्यालाच बोलावताहेत हे त्याला कळायचंच नाही. घरी गेल्यावर आई दार लावून घ्यायची आणि जुन्या नावाने जेवायला बोलवायची." मग त्या खडू खाली ठेवत. आम्हीही वह्या मिटत असू.

ही गोष्ट पहिल्यांदा ऐकली त्या दिवशी वर्ग संपल्यावर मी थांबले. माझ्या आजोबांना गावात कोणी नावाने हाक मारलीच नाही, 'अरे ए' वर भागवलं, हे मी त्यांना सांगितलं. बौद्ध धम्म स्वीकारल्यावर आजोबांनी मुलांची नावं स्वतः निवडली, चांगली वजनदार, आणि घरात एक नियम घातला. कोणाही मोठ्या माणसाला एकेरी बोलायचं नाही, नुसत्या नावाने हाक मारायची नाही. आमच्याकडे दूधवाल्यालाही अहो म्हणतात. सेन्सेईंनी सगळं ऐकून घेतलं. मग त्यांनी भाजीची पिशवी उचलली आणि म्हणाल्या, "मंडईत येतेस?" त्या दिवसापासून त्या मला 'तू' म्हणू लागल्या.

मंडईत एका पालेभाज्यांच्या गाळ्यावर त्यांच्या प्राथमिक शाळेतली मैत्रीण बसायची. कपाळावर ठसठशीत कुंकू, आवाज असा की पलीकडच्या रांगेत ऐकू जावा. तिने आम्हाला लांबूनच पाहिलं आणि सेन्सेईंना हाक मारली, "अगं ए," आणि पुढे एक नाव. "मेथी बघ कशी हाय आज!" ते नाव मी इथे लिहिणार नाही. ते त्यांनी फार थोड्यांना सांगितलं होतं. पण ते ऐकून सेन्सेईंनी ज्या झटक्याने मान वळवली, तशी ती वळताना मी पुन्हा कधी पाहिली नाही. एकट्या राहणाऱ्या बाईने त्या दिवशी तीन जुड्या मेथी घेतली.

परत येताना त्यांनी सांगितलं. लग्नात ताटात तांदूळ पसरले आणि अंगठीने त्यात नवीन नाव लिहिलं. नणंदेचं नाव आणि त्यांचं माहेरचं नाव एकच होतं, एका घरात दोन नकोत म्हणून. "मला कोणी विचारलं नाही. नणंद तर महिन्याभरात लग्न होऊन गेली, तिचंही नाव तिथे बदललं. म्हणजे घरात ते नाव कोणाचंच उरलं नाही." जरा चालून झाल्यावर म्हणाल्या, "आमचे हे फार चांगले होते गं. नवीन नावाने इतक्या प्रेमाने हाक मारायचे की तक्रार करायची सोय नव्हती."

आई-वडील गेले, भाऊ गेला. त्या जुन्या नावाने हाक मारणारी मंडईतली मैत्रीण तेवढी उरली होती. दर गुरुवारी पिशवी घेऊन त्या तिच्याकडे जात आणि निम्मी भाजी शेजाऱ्यांना वाटून टाकत. मग मैत्रीणही गेली. गाळ्यावर तिची सून बसू लागली. मुलगी गुणाची, कोथिंबीर वर घालायची, "या आजी" म्हणायची. सेन्सेई दोनदा गेल्या आणि नंतर दारावर येणाऱ्या गाडीवाल्याकडून भाजी घेऊ लागल्या. कॅनडातला मुलगा रोज फोनवर 'आई' म्हणे, इमारतीत सगळे 'काकू' म्हणत, आम्ही सेन्सेई. सगळे मानाने वागत होते, आणि त्या मानात बाई दिवसेंदिवस एकटी होत चालली होती. मला ते दिसत होतं आणि काय करावं ते सुचत नव्हतं.

एका संध्याकाळी चहाचा कप माझ्यापुढे सरकवून त्या सहज बोलाव्या तशा बोलल्या. "मला एकदा हाक मारशील? नुसती. ताई नको, बाई नको."

मी मान हलवली. कप खाली ठेवला, घसा साफ केला. नाव ओठांवर आलं आणि त्याच्या मागून, बोलावल्याशिवाय, 'बाई' आलंच. पुन्हा प्रयत्न केला, पुन्हा तेच. आमच्या घराने मला जे शिकवलं ते जिभेत इतकं खोल गेलं होतं. मला रडू यायला लागलं, तेव्हा त्यांनी माझ्या हातावर थोपटलं.

"असू दे. तुझ्या आजोबांना जो मान आयुष्यभर मिळाला नाही, तो मला फार मिळतोय. दुसरं काय?"

त्यानंतर त्यांनी पुन्हा कधी विचारलं नाही. बिस्किटं पुढे केली आणि क्रियापदांवर घसरल्या.

गेल्या थंडीत त्यांना पक्षाघात झाला. शेजाऱ्यांनी दवाखान्यात नेलं आणि मला फोन केला. मुलगा विमानात होता. मी पोचले तेव्हा नर्स त्यांच्या कानाशी वाकून, फाइलवरचं सासरचं नाव घेऊन हाका मारत होती. आधी हळू, मग मोठ्याने, मग 'आजी' लावून. सेन्सेई डोळे मिटून निश्चल. "ऐकू येत नाहीये बहुतेक," नर्स मला म्हणाली आणि सलाईन बघायला वळली.

मूल बहिरं नव्हतं. मला तेच आठवलं. मी पलंगाजवळ खाली बसले. खोलीचं दार उघडं होतं, ते आधी उठून लावलं. मग परत येऊन त्यांच्या कानाशी तोंड नेलं आणि मंडईत ऐकलं होतं तसं म्हणाले, "अगं ए," आणि पुढे त्यांचं नाव. नुसतं.

ओठ हलले. डावी बाजू साथ देत नव्हती, शब्द वाकडा आला, पण आला.

"हजर."

मी त्यांचा हात धरून ते नाव पुन्हा पुन्हा घेत राहिले. आजोबांची मनातल्या मनात क्षमा मागितली. ते रागावले नसते असं मला वाटतं.

मुलगा पोचला आणि दुसऱ्या दिवशी सेन्सेई गेल्या. मी पेठेत आले तेव्हा कोपऱ्यावरच्या फळ्यावर कोणीतरी सुबक अक्षरात निधनाची बातमी लिहिली होती. वाचून क्षणभर मला खरंच वाटलं, ही कोण गेली? शेजारी एक वयस्कर गृहस्थ पिशवी हातात घेऊन तेच वाचत उभे होते.

"ओळखत होता का तुम्ही यांना?" त्यांनी विचारलं.

"या नावाने नाही," मी म्हणाले.