बकुळीची बरणी

बरणीचं झाकण फिरलं, बोटांना बकुळीच्या फुलांचा कोरडा, खरखरीत स्पर्श झाला. पण गंध मात्र आला नाही. भाद्रपदातली ओली सकाळ होती, मुळशीच्या पाण्यावर धुकं बसून राहिलं होतं, आणि मी कितीतरी वेळ बरणीवर वाकून उभी होते.

मुलांनो, वाळलेली फुलं किती टिकतात, आणि आजोबांनी वेचलेली थोडी पाठवशील का, असं परवा तुम्ही फोनवर विचारलंत. गुलाब वर्षभरात काळवंडतो, शेवंतीचा चुरा होतो. बकुळ रंग गमावते, पण गंध वर्षानुवर्षं राखते. मात्र ती धुऊ नये, उन्हात टाकू नये. सावलीत मलमलीवर विरळ पसरावी, पुरती वाळल्यावरच काचेत भरावी, आणि इथल्या पावसात झाकण उघडू नये. एवढं सगळं जाणणारी मी, तुमच्या एका शब्दासरशी ते भर पावसात उघडून बसले!

झाड कुंपणापलीकडे, शेजारच्या हौसाबाईंच्या जमिनीत होतं. उन्हाळ्यात तुमचे आजोबा पहाटे तिथे वाकून फुलं वेचत आणि रुमालात बांधून आणत. ही त्यांनी वेचलेली शेवटची फुलं. पुढे ते गेले, जमीन विकली गेली, झाडाच्या जागी कुणाचा तरी बंगला उभा राहिला. उरली ती ही बरणी. तिचाही गंध सरला असेल, तर तिला निर्माल्य म्हणायचं आणि तुळशीच्या मुळाशी घालायचं, असं मी मनाशी ठरवलं. गंधहीन आठवण तुम्हाला पाठवून काय साधणार होतं?

तेवढ्यात हौसाबाई अळूची पानं घेऊन आल्या. “वासच उरला नाही बघा,” म्हणत मी बरणी त्यांच्यापुढे धरली. त्यांनी डोळे मिटून वास घेतला आणि बरणी लगेच परत दिली नाही.

“लई वास हाय की,” त्या म्हणाल्या. “फुलं हायेत तशीच, वैनी. तुमचं नाक गेलंय.”

त्या गेल्यावर मी हिंगाची डबी उघडली, उदबत्ती लावली, कॉफीची पूड तळहातावर घेतली. कुठेच काही नव्हतं. सकाळी दूध करपलं, तेही धूर दिसल्यावरच कळलं होतं. मी वस्तू जपत राहिले आणि माझ्यातलंच काहीतरी निःशब्दपणे वाळून गेलं. फुलांना सावली आहे, मलमल आहे, काच आहे. जपणाऱ्याला कुठल्या बरणीत ठेवावं?

तुळशीकडे मी गेले नाही. सगळी फुलं तुम्हाला पाठवते आहे. इथे ठेवून ती आता कुणासाठी दरवळणार? कोरड्या दिवशी, दोघं जवळ बसून झाकण फिरवा. घाई करू नका. आणि मग मला फोन करून सांगा, गंध कसा आहे ते, अगदी सावकाश. मी डोळे मिटून ऐकेन.