दाद मिळाली की थांबणारा वसीम

नांदेडच्या फलाटावर वसीमचे अब्बू मला म्हणाले, "पाटील, तू नोकरीवाला है, इसपे नजर रखना." मग पोराकडे वळून, "एक साल दिया बाबा. नै जम्या तो सीधा आके दुकान पे बैठना." अब्बू शिंपी. मी बिलोलीचा, कॉलेजपासून त्यांच्या माडीवर भाड्याने राहिलेला. वसीम रॅप करायचा. मुंबईची गाडी हलली तेव्हा तो रडला नाही, मी रडलो. तिथे पक्की नोकरी माझी आणि रडायलाही मीच.

गावाकडे मागे राहिलेल्या तुम्हा सगळ्यांना तो आता पोस्टरवर दिसतो. मी त्याला आमच्या कांदिवलीच्या खोलीत खिचडी करपवताना पाहिलंय. दिवसा कुरिअर वाटायचा, जिने चढता चढता ओळी जुळवायचा. अकरा महिने असेच गेले. मग त्याला एका मोठ्या रॅप बॅटलमध्ये घेतलं. समोरासमोर उभं राहून यमकात एकमेकांची सालं काढायची, वेळ मिनिटभर. ही शेवटची संधी, हे आम्हा दोघांनाही माहीत होतं.

पण हा वाढला मुशायऱ्यांत, अब्बूंच्या मांडीवर. तिथे शेर आवडला की लोक वाहवा करतात, शायर थांबतो, आदाब करतो, तीच ओळ पुन्हा म्हणतो. "दाद मिली तो रुकना, झपट्टा नै मारना," ही अब्बूंची शिकवण. वसीमच्या पहिल्या दोन ओळींवर पब्लिक ओरडलं आणि हा चक्क थांबला. हात कपाळाला नेला. बीट पुढे निघून गेला. लोक हसायला लागले तरी हा शांत उभा. हसू ओसरल्यावर त्याने त्याच ओळी पुन्हा म्हटल्या आणि मिनिट संपलं. मला तोंड लपवायला जागा मिळेना.

तिथे सिनेमासाठी चेहरे शोधणाऱ्या एक मॅडम होत्या. एवढे लोक हसत असताना न डगमगता उभा कसा राहिलास, असं त्यांनी त्याला विचारलं. हा म्हणाला, "पब्लिक बोलून राहिली तर मधी आपण कसं बोलायचं? बदतमीजी हाय ती." दुसऱ्या दिवशी त्यांनी त्याला ऑडिशनला बोलावलं. आधी दोन वाक्यांचं काम मिळालं, मग चार सीनचं, आणि परवा आला तो सिनेमा, ज्यात तोच नायक.

मी रजा काढून नांदेडला गेलो, अब्बूंसोबत बसून पाहिला. एका सीनमध्ये त्याला भाऊ गेल्याचा फोन येतो. तो काहीच बोलत नाही, नुसता ऐकतो. ज्याच्यासोबत मी चार वर्षं एक बादली वाटून घेतली, त्याला मी ओळखतच नव्हतो. हे एवढं त्याच्यात कुठून आलं, मला अजून कळत नाही.

बाहेर ऑटोंच्या गर्दीत उभं राहूनच अब्बूंनी त्याला फोन लावला. सिनेमाबद्दल एक शब्द नाही. म्हणाले, "वसीम, अब वापस मत आ बेटा. ईद को आ."

तिथून मी बिलोलीला गेलो. आई, तू ताट वाढता वाढता नेहमीचंच विचारलंस, "कायमचा कधी येतूस रे? लई दिवस झाले." मी नेहमीसारखा हसलो आणि भाकरी मागून घेतली. मी येणार नाही, हे तुलाही कळलंय. माझं घर अजून तुझ्याच चुलीपाशी आहे, आणि तिथेच मी दर वेळी चोरासारखा बसतो. एकदा तूही अब्बूंसारखं म्हण, परत येऊ नको. म्हणजे मला मोकळेपणाने घरी येता येईल.