डाव्या कानशिलावरची बट

डाव्या कानशिलावरची बट आत वळली होती. बाकीच्या सगळ्या बटा चेहऱ्यापासून बाहेरच्या बाजूला, आणि ही एकटीच आत, गालाकडे. मी ती बोटानं सरळ करून सोडली. ती परत आत गेली.

अशी बट मी आजवर एकाच डोक्यावर पाहिली होती, सुजाताच्या. तिला त्या जागी, अगदी केसांच्या कडेला, भोवरा होता. भोवरा म्हणजे जिथून केस गोल फिरून उगवतात ती जागा. तिथले केस कुणाचं ऐकत नाहीत. या डोक्यावरही भोवरा असणार म्हणून मी केस वर उचलून, दिवा जवळ घेऊन पाहिलं. भोवरा नव्हता. केस सरळ उगवले होते आणि तरी सुजातासारखे वळत होते.

सुजाता दोन वर्षांपूर्वी डेंगूनं गेली. माझ्यासमोर खुर्चीत बसली होती ती मनीषा, सुजाताच्या नवऱ्याची दुसरी बायको.

मी सांगलीत एकवीस वर्षं पार्लर चालवते. उवांपासून टकलापर्यंत सगळं पाहून झालंय, सहसा घाबरत नाही. पण त्या दिवशी कंगवा खाली ठेवला आणि आत जाऊन पाणी पिऊन आले.

सोमवार होता. सोमवारी माझं पार्लर बंद असतं. आदल्या दिवशी सुजाताच्या सासूचा, हौसामावशींचा, फोन आला होता. सुनेचे केस कायमचे सरळ करून हवेत आणि ते सोमवारीच. मंगळवारी या म्हटलं तर म्हणाल्या, सोमवारीच बघायला पाहिजे तुमी. आवाज असा होता की मी जास्त काही विचारलं नाही. कडेगावजवळच्या त्यांच्या गावाहून त्या सकाळच्या एसटीनं आल्या. बरोबर मनीषा आणि सुजाताची मुलगी ईश्वरी. ईश्वरी आठ वर्षांची. तिच्या मांडीवर कपड्यांनी फुगलेली बॅग होती. तिला मी ओळखत होते, सुजाताबरोबर नेहमी यायची. आता ती माझ्याकडे बघून हसलीसुद्धा नाही.

माझ्याकडे दोन भिंतींना आरसे आहेत. हौसामावशींनी खुर्ची ओढली आणि आरशाकडे पाठ करून, दाराकडे तोंड करून बसल्या. शटर मी अर्धं खाली ओढलं होतं. सुट्टीच्या दिवशी पार्लर फार शांत असतं. ड्रायर नाही, गाणी नाहीत, गिऱ्हाइकांच्या गप्पा नाहीत. मनीषानं डोक्यावरचा स्कार्फ सोडला आणि केस खांद्यावर पडले. आरशात तिचा चेहरा खाली झुकलेला होता. फक्त केस बघितले असते तर मी सहज "ये सुजाता" म्हणून गेले असते.

त्यात वास आला. वाळ्याचा. सुजाताला मी जवसाचं जेल घरी करायला शिकवलं होतं. जवस पाण्यात उकळायचे, गरम असतानाच फडक्यातून गाळायचे, की चिकट द्रव मिळतो. ओल्या केसांना लावला की वाळल्यावर बटा धरून राहतात. उकडलेल्या जवसाचा वास तिला नको वाटायचा, म्हणून त्यात वाळ्याची दोन मुळं टाक म्हणून मीच सांगितलं होतं. हे दुसऱ्या कुणालाही मी सांगितलेलं नाही.

अक्कल मी तिथंच चालवायला हवी होती. पण भीती वाटायला लागली की अक्कल दार लावून बसते.

मी हौसामावशींना वॅक्सिंगच्या खोलीत नेलं आणि काय ते नीट सांगायला सांगितलं. त्या म्हणाल्या, पहिलीचं सगळं रीतसर केलं. तिच्या नावानं साडी दिली, चांदीचा टाक घडवून दुसरीच्या गळ्यात घातला. आमच्याकडे दुसरी बायको पहिलीची आठवण अशी गळ्यात घालते, म्हणजे गेलेलीचा रोष राहत नाही. मनीषा आटपाडीकडची. लग्नात तिचे केस तेल चोपडलेले, वेणी घट्ट, कुठं वळण नाही. पाच महिने तसंच चाललं. मग एका सकाळी त्या गोठ्यातून आल्या आणि अंगणात सुजाता पाठमोरी उभी होती. हातातली बादली सांडली. ती वळली तर मनीषा.

"सोमवारी ती पुरी येती," त्या म्हणाल्या. "मंगळवारी बुधवारी जरा कमी. गुरवारपतुर निघून जाती. परत सोमवारी हाय तशी."

त्यांनी देवऋषी गाठला होता. त्यानं सांगितलं, पहिली पोरीसाठी आलीय आणि केसांत बसलीय. अमावस्येच्या आत केस काढून टाका आणि पोरगी घरातून हलवा. अमावस्या चार दिवसांवर होती. सुनेचं मुंडण करायला हौसामावशींचा जीव होईना. म्हणून त्यांनी आपल्या मनानं मधला मार्ग काढला होता, पार्लर. सरळ झाले तर ठीक, नाहीतर गुरुवारी वस्तरा. पण पोरीचं मात्र ठरलं होतं. इथूनच संध्याकाळच्या गाडीनं तिला उंब्रजला, सुजाताच्या माहेरी, सोडायचं. कायमचं. पोरीला सांगितलं होतं की सुट्टीला चाललोय. मनीषालाही तेच सांगितलं होतं.

खरं सांगते, माझ्या मनात आलं की मुकाट्यानं केस सरळ करून द्यावेत आणि मोकळं व्हावं. स्मूदनिंग म्हणजे काय, तर एका केमिकलनं केसाच्या आतले बंध सैल करायचे, गरम इस्त्रीनं केस सपाट करायचे आणि दुसऱ्या केमिकलनं ते तसेच पक्के करायचे. चार-पाच तासांचं काम. मी बाऊलसुद्धा काढला. हात मात्र सवयीनं चालतात. माझा एक नियम आहे. केमिकल लावण्याआधी केस स्वच्छ धुवायचे आणि काहीही न लावता, न विंचरता, पंख्याखाली वाळू द्यायचे. खरे केस कसे आहेत ते तेव्हाच कळतं. भूत असलं तरी नियम तो नियम.

मी मनीषाचं डोकं दोनदा धुतलं. वाळ्याचा वास पाण्याबरोबर गेला. केस जुन्या सुती ओढणीत दाबून पाणी टिपलं आणि तिला पंख्याखाली बसवलं. तासभर गेला. मी पुसलेलीच काउंटरची काच परत पुसत होते. हौसामावशी दाराकडे बघत जपमाळ ओढत होत्या. ईश्वरी बॅगेवर हनुवटी टेकून मनीषाच्या पाठीकडे बघत होती. पापणीसुद्धा हलवत नव्हती.

केस वाळले. वेव्ही होतेच, पण दुसरे. सुजाताच्या बटा बोटभर रुंद आणि गोल वळायच्या. हे केस सैल होते, मोठी लाट असलेले, कानाच्या वर जवळजवळ सरळ आणि खाली वळलेले. आणि कानशिलावरची बट आत गेली नाही. निवांत बाहेर पडून राहिली.

मला इतका हुरूप आला की मी हौसामावशींना धरून आरशासमोर उभं केलं. म्हटलं, बघा, हे मनीषाचे स्वतःचे केस. हे लहानपणापासून असेच आहेत, कुणाला कळलं नाही इतकंच. केस सरळ की वळणाचे हे कातडीखाली मुळाशी ठरतं. लाट असलेल्या केसांना रोज तेल लावून, कोरडे विंचरून, आवळून वेणी घातली की लाट दबते. ती मरत नाही. वेणी घालायचं थांबवलं की वर येते. त्यांनी ऐकलं, केसांना हात लावला, आणि म्हणाल्या की हे पटलं, पण मग सोमवारी येते ती कोण?

प्रश्न बरोबर होता. बटा आपोआप वळल्या नव्हत्या. कुणीतरी वळवत होतं आणि रविवारी वळवत होतं. जेल दोन-तीन दिवस धरतं, मग सुटतं. म्हणून गुरुवारी ती निघून जायची.

हौसामावशींना मी बाहेरून चहा सांगायला पाठवलं आणि मनीषाला विचारलं, तुझे केस कोण करतं?

ती टाक चिमटीत फिरवायला लागली. मग हळूच मागं बघून म्हणाली, "ईश्वरी करती."

पाच महिने पोरगी तिच्याशी एक शब्द बोलली नव्हती. एका रविवारी हौसामावशी रानात गेल्या होत्या. मनीषा न्हाऊन टॉवेलनं केस खसखसा पुसत होती. दारातून आवाज आला, "आसं न्हाई करायचं." तो पहिला शब्द. मग पोरीनं जवस कुठं ठेवलेत ते दाखवलं, वाळा दाखवला, मागं पाटावर बसली आणि एकेक बट बोटावर गुंडाळत गेली. सुजाताला मी शिकवायचे तेव्हा ती स्टुलावर बसून बघायची. सगळं तिच्या हातात उतरलं होतं. तेव्हापासून दर रविवारी, आज्जी रानात गेली की, तासभर ती मागं बसून बोलायची. शाळेतलं, आईचं, काहीबाही. तास संपला की परत गप्प.

मी विचारलं, सासूला का नाही सांगितलंस? तुझं डोकं भादरायला निघालेत.

"सांगितलं तर बंद करतील, म्याडम. मग ती बोलायचीच न्हाई," मनीषा म्हणाली. "केस काय, येतील परत."

मी कपाळाला हात लावला. म्हटलं, बाई, ती बॅग सुट्टीची नाही. तिला उंब्रजला ठेवायला चाललेत. मनीषाच्या तोंडाचा रंगच गेला. ती खुर्चीतून उठली आणि चहा घेऊन आत येणाऱ्या सासूसमोर जाऊन उभी राहिली. सगळं एका दमात सांगून टाकलं. हौसामावशींनी ऐकून घेतलं आणि मान हलवली. आठ वर्षांची पोर असलं करते हे त्यांना पटेना. पोरीच्या हातून ती पहिलीच करून घेत असेल, त्या म्हणाल्या.

मग मी ईश्वरीला बोलावलं. केसांवर पाण्याचा स्प्रे मारला, माझ्याकडचं जेल दिलं, आणि रविवारी करतेस तसं कर म्हटलं. तिनं आधी आज्जीकडे बघितलं. मग स्टुलावर चढली.

तिनं सुरुवात उजव्या कानामागून केली, सुजाता करायची तशी. बट घ्यायची, तर्जनीवर फिरवायची, चिमटीत दाबून थोडं थांबायचं, सोडायची. एकेक बट करत सुजाता आमच्यासमोर तयार होत गेली. सगळं उजेडात चाललं होतं. काय होतंय ते मला कळत होतं, मीच ते शिकवलं होतं. तरी माझ्या अंगावर काटा उभा राहिला आणि तो काही केल्या जाईना. हौसामावशी भिंतीला टेकून उभ्या होत्या. शेवटी पोरगी कानशिलाशी आली आणि ती बट तिनं उलट्या बाजूनं गुंडाळली, आत.

मी विचारलं, ही अशी का गं? हिला भोवरा नाही.

"आईची आशीच हुती." ती बट चिमटीत धरून थांबली होती. "आता मागनं आई दिसती."

"आणि पुढनं?"

"पुढनं ही," ती म्हणाली. "म्हणून मी मागंच बसते."

मनीषानं तोंडाला पदर लावला होता, पण खांदे हलू न देता बसली होती. बट विस्कटू नये म्हणून. ते बघून मला रडू आलं. मी ते लपवलंही नाही.

हौसामावशींनी सुनेला एवढंच विचारलं की मला सांगितलं असतंस तर खरंच बंद केलं असतं का मी. मग स्वतःच म्हणाल्या, "व्हय. केलं आसतं." त्यांनी उंब्रजला फोन लावून येत नाही म्हणून कळवलं. देवऋषीला काय सांगणार, मी विचारलं. म्हणाल्या, "उतरलं म्हनून सांगीन. त्येला बी बरं वाटंल."

मी केमिकलचा बाऊल कोरडाच परत कपाटात ठेवला. चहा तोपर्यंत गार झाला होता, तो सगळ्यांनी तसाच घेतला. तिघी साडेचारच्या कडेगाव गाडीनं परत गेल्या.

चार महिन्यांनी मनीषा केसांची टोकं कापून घ्यायला आली. एकटीच. भांग मध्ये होता आणि लाटा तिच्या स्वतःच्या होत्या, सैल, खाली वळलेल्या. ईश्वरीनं करायचं सोडलं का, मी विचारलं. नाही, ती म्हणाली. एका रविवारी पोरगी मागून उठली आणि पुढं येऊन बसली. पुढच्या बाजूनं या बटा वेगळ्याच वळतात असं तिचं म्हणणं पडलं. तेव्हापासून पुढं बसूनच करते. जास्त वेळ लागतो. मनीषाला आई म्हणत नाही अजून. म्हणेल तेव्हा म्हणेल.

नव्या गिऱ्हाइकाकडून मी एक फॉर्म भरून घेते. ॲलर्जी आहे का, आधी कुठलं केमिकल केलंय, पाणी बोअरचं की नळाचं. त्यात मी एक ओळ वाढवली आहे, घरी केस कोण विंचरतं? मुली हसतात, म्हणतात, मॅडम, आम्ही काय लहान आहोत? असू दे. उत्तर लिहून झाल्याशिवाय मी बाऊल काढत नाही.