तिमोशिन साहेबांचा दहावा

आमच्या गावाच्या कमानीवर आठ वर्षं एक फ्लेक्स होता: ‘रशियन ग्रँडमास्टरला अडवणारे सुभेदार नाथाजी यांचे गाव आपले स्वागत करीत आहे.’ तो मीच छापला. पलूसला माझं फ्लेक्सचं दुकान आहे, त्यामुळं पंचक्रोशीतल्या बहुतेक थापांना माझा हात लागलेला असतो. वाढदिवसाच्या फ्लेक्सवरचं निम्मं कर्तृत्व तर मला चहा पिता पिता सुचतं. नाथाजींची थाप मात्र आयती आली. मी ती फक्त दहा बाय वीस करून दिली.

झालं होतं असं. नाथाजी फौजेत असताना, १९८६ साली, त्यांच्या छावणीत पावेल तिमोशिन नावाचा सोव्हिएत ग्रँडमास्टर आला आणि एकाच वेळी तीस जवानांशी बुद्धिबळ खेळला. एकोणतीस जण हरले. नाथाजींचा डाव चालू होता तेवढ्यात पाहुण्यांची गाडी दारात लागली. तिमोशिननं एका कार्डावर पट काढला, कुठलं मोहरं कुठं आहे ते मांडलं, कोपऱ्यात चालीचा आकडा एकतीस टाकला, खाली सही केली. दुभाष्या म्हणाला, “साहेब म्हणतायत, डाव बाकी राहिला.”

बस्स, एवढंच. सुट्टीवर आलेले नाथाजी एसटीतून उतरून घरी पोचेपर्यंत त्याचं ‘रशियाला अडवला’ झालं. ते त्यांनी स्वतः केलं की गावानं, हे आता कुणाला आठवत नाही. कार्ड लॅमिनेट होऊन देव्हाऱ्यात गेलं आणि पंधरा ऑगस्टचा नारळ कायमचा नाथाजींच्या हातात आला.

निवृत्तीनंतर ते पारावर बसून ग्रँडमास्टरांची चरित्रं सांगायचे, तीही भावकीतल्या माणसांची सांगावीत तशी. “बोटविनिक जगज्जेता झाला, पर इंजिनिअरकी सोडली न्हाई. आन आपला वायरमन! साधा फ्यूज घालाय चार दिवस.” कुणी गुडघ्याचं रडगाणं लावलं की म्हणायचे, “ताल मरायला टेकला हुता गड्या, तरी दवाखान्यातनं उठून डाव खेळाय गेला. तू गुडघ्याचं काय सांगतूस?” स्मिस्लोव्ह उत्तम गायचा, हे ते भजनी मंडळाला सुनवायचे. पण सगळ्यात लाडका पेट्रोशियन. त्याला कमी ऐकू यायचं आणि डाव रंगला की तो कानाचं मशीन बंद करायचा. नाथाजींनाही मशीन लागलं तेव्हा ते हरखून गेले. त्यांच्या बायकोनं, चंद्राबाईंनी तोंड उघडलं की यांचं बोट कानाकडं जायचं. “त्या पेट्रोशियनचं मढं बशिवलं!” असं चंद्राबाई म्हणायच्या, पण तेही त्यांना ऐकू जायचं नाही.

आता माझं पाप सांगतो. फ्लेक्ससाठी मी ते कार्ड स्कॅन केलं होतं. दुकानात गिऱ्हाईक नव्हतं म्हणून तो डाव मोबाईलमधल्या बुद्धिबळात मांडून बघितला. मोबाईलनं डोळ्याचं पातं लवायच्या आत उत्तर दिलं: चार चालींत नाथाजींवर मात. मी मोबाईल उपडा ठेवला आणि ‘अडवणारे’ हा शब्द आणखी ठळक केला. माझा या माणसावर जीव होता. त्यांच्याकडं अभिमान वाटावा असं ते एकच कार्ड होतं आणि मी ते फाडणार नव्हतो.

या जानेवारीत नाथाजी दुकानात आले. डोळे लाल. “अर्जुना, तिमोशिन साहेब गेलं. मोबाईलवर आलंय. श्रद्धांजलीचा फ्लेक्स कर.”

“आवं सुभेदार, शोकाकुल म्हणून नाव कुणाचं घालू?”

“माझंच घाल. त्यास्नी पोरबाळ न्हाई. डाव माझ्याकडं बाकी हाय, म्हंजे वारस मीच. दहावाबी मीच घालणार.”

मी छापला. सरपंच नानासोंना तर आनंद लपवता येईना. रशियन माणसाचा दहावा अख्ख्या जिल्ह्यात कुणी घातला नव्हता. त्यांनी ग्रामपंचायतीच्या गाडीवरून दवंडी दिली आणि दहाव्या दिवशी सकाळी कृष्णेच्या घाटावर तीनशे माणूस जमलं.

गोपाळकृष्ण गुरुजींनी विचारलं, “मृताचं गोत्र?”

“किंग्ज इंडियन,” नाथाजी म्हणाले. “कायम त्योच डाव खेळायचं.”

गुरुजींनी क्षणभर डोळे मिटले आणि गोत्र माहीत नसलं की लावतात तसं काश्यप लावून टाकलं.

पिंड मांडले. मेलेल्या माणसाच्या आवडीचं पानात ठेवायचं असतं. छावणीत साहेबांनी चार कप चहा आणि बिस्किटांचा अख्खा पुडा संपवला होता, म्हणून चहा आणि बिस्किटं ठेवली. नानासोंनी आपल्या मनानं एक क्वार्टर ठेवली. मग सगळे मागं सरून उंबराकडं बघत उभे राहिले. पिंडाला कावळा शिवला की गेलेला सुटला. नाही शिवला तर त्याची काहीतरी इच्छा राहिलीय, आणि ती पुरवायचा शब्द कुणीतरी द्यायचा.

उंबरावर सात कावळे होते. एक हलेना.

नानासो पुढं झाले. “साहेब, शाळंत बुद्धिबळाचा वर्ग काढतो!” कावळे ढिम्म. कुणी ओरडलं, “रशियात शांतता हुईल!” दुसरा म्हणाला, “पोरास्नी रशियन शिकवू!” एकानं तर घाटाला तिमोशिनचं नाव द्यायचा ठराव मांडला आणि दुसऱ्यानं तिथंच अनुमोदन दिलं. तास गेला. सांगलीच्या कावळ्यांना परदेशी मयत कळतं का, यावर मागं वाद पेटला. गुरुजी दर्भाचा कावळा करून शिववायच्या तयारीला लागले. दर्भ हातात घेतल्यावर नाथाजींनी त्यांचा हात धरला.

मग त्यांनी कानाचं मशीन बंद केलं. पेट्रोशियन! मी चंद्राबाईंकडं बघितलं. त्या पदर सावरून एक पायरी खाली आल्या.

नाथाजींनी खिशातून काळा राजा काढला. लाकडी, डोक्यावरचा रंग उडालेला. तो त्यांनी पानात, बिस्किटांशेजारी उभा केला आणि बोटानं आडवा पाडला.

“साहेब,” ते म्हणाले. मशीन बंद असल्यानं त्यांचा आवाज पार पैलतीरापर्यंत गेला. “मी हरत हुतो. चार चालींत मात हुती. तवाच दिसली हुती मला, तुमालाबी दिसली हुती. तुमी माझ्याकडं बघून हसला आन ‘डाव बाकी’ म्हणाला. माझी लाज राखली. त्या भांडवलावर मी चाळीस वर्सं नारळ फोडलं. आता बास. मी हरलो. तुमी जावा.”

सगळ्यांच्या माना उंबराकडं वळल्या.

उंबरावरून एक कावळा उतरला. चालत आला, क्वार्टरला वळसा घातला, पिंडाला चोच लावली आणि एक बिस्किट घेऊन उडाला.

चंद्राबाई पुढं झाल्या आणि त्यांनी नवऱ्याच्या कानाचं मशीन चालू केलं. “शिवला,” त्या म्हणाल्या.

नाथाजी मटकन पायरीवर बसले आणि लहान पोरासारखे रडले. नानासोंना वेगळीच चिंता. “अर्जुना, कमानीचं काय रं आता?”

फ्लेक्स तर उतरवावा लागणार होता. पण रिकामी कमान मला बघवली नसती. दुसऱ्या दिवशी मी स्वतःहून नवा छापून टांगला: ‘ग्रँडमास्टर तिमोशिन यांच्यापुढे एकतीस चाली टिकलेले सुभेदार नाथाजी यांचे गाव.’ यातला शब्दन् शब्द खरा होता, माझ्या दुकानात तसं पहिल्यांदाच घडत होतं.

नाथाजी कमानीखाली उभे राहून सावकाश वाचत होते. मी शेजारी. वाचून झाल्यावर त्यांनी खांद्यावर हात ठेवला.

“अर्जुना, तीस कर. एकतिसावी त्यांची हुती. माझी व्हायचीच हुती.”

मी शिडी आणली आणि एकतीसवर तीस चिकटवलं.