सुट्या कागदांवरची हजेरी

हजेरीकाकूंना मी पहिल्यांदा पाहिलं ते विद्यापीठाच्या रसायन विभागाच्या खिडकीत. भाच्याचा हजेरीचा दाखला हरवला होता, त्याची दुसरी प्रत हवी होती. माझ्यापुढे पाच जण होते. काकू कुणालाच नाव विचारत नव्हत्या, कामावरूनच हाक मारत होत्या. "नावातली दुरुस्ती, पुढे या. हरवलेलं ओळखपत्र, तुम्ही बसा जरा, वेळ लागेल." माझी पाळी आली आणि मी 'दुसरी प्रत' झाले. पुढे कळलं, त्या आमच्याच गल्लीत दोन घरं सोडून राहतात. ओळख वाढली, हाक मात्र तीच राहिली. "काय दुसरी प्रत, झाला का चहा?" शाळेत बत्तीस वर्षं मुलांनी मला नुसतं बाई म्हटलं होतं. हे नाव मला आवडायचं.

विभागातल्या सगळ्या मुलांची हजेरी काकू मोजत. मोजताना त्यांचे ओठ हलत, आणि मध्येच कुणी बोललं तर डावा हात वर जाई. तो हात दिसला की विभागप्रमुखसुद्धा दारातच थांबत.

त्यांच्या निवृत्तीला आठ महिने उरले होते तेव्हाची गोष्ट. विद्यार्थी संघाच्या निवडणुकीत तिसऱ्या वर्षाची एक मुलगी सचिवपदासाठी उभी राहिली. उमेदवाराची आदल्या सत्रातली हजेरी पंचाहत्तर टक्के हवी, असा नियम. विरोधी गटाने हरकत घेतली, काकूंकडून दाखला मागवला गेला. दोनशे तासांपैकी एकशे पंचेचाळीस. साडेबहात्तर टक्के. अर्ज बाद झाला. मुलगी म्हणाली, "मी इतकी गैरहजर नव्हतेच," आणि सरळ कोर्टात गेली. कोर्टाने त्या एका जागेचं मतदान थांबवलं आणि विद्यापीठाला उत्तर द्यायला सांगितलं.

विद्यापीठाच्या वकिलांनी प्रतिज्ञापत्र तयार केलं. 'सर्व नोंदी तपासून दाखला दिला आहे' असं त्यात लिहिलेलं, आणि खाली सही काकूंची हवी. सही करण्याआधी पुन्हा एकदा मोजावं म्हणून त्या प्रयोगशाळेत गेल्या. तिथल्या सेवकाशी बोलता बोलता कळलं, की सत्राच्या मध्यावर उपकरणं बिघडली तेव्हा दोन तुकड्यांच्या तीन केल्या होत्या. तिसऱ्या तुकडीला नवी वही मिळेपर्यंत तीन आठवडे प्रात्यक्षिकाच्या सरांनी सुट्या कागदांवर हजेरी घेतली होती. जुन्या वहीत त्या मुलीपुढे नुसत्या मोकळ्या जागा. कागद होते साहित्याच्या नोंदवहीत, टाचणी लावून ठेवलेले. तासाला एक असे नऊ कागद, प्रत्येकावर ती हजर, प्रत्येकावर सरांची सही आणि तारीख. म्हणजे एकशे चोपन्न. सत्त्याहत्तर टक्के.

त्या संध्याकाळी काकू माझ्याकडे आल्या त्या पर्स मांडीवर घट्ट धरूनच बसल्या.

"विभागप्रमुख साहेब म्हणतात, वहीत नाही ते नाही. सही करा, विषय संपवा."

"आणि तुम्ही काय म्हणता?"

"मी काय म्हणणार? दाखला माझ्या सहीचा आहे. चुकला म्हटलं की चौकशी लागेल. चौकशी लागली की निवृत्तीचे कागद अडकतील."

मी म्हटलं, "घरी सांगितलंत?"

"सासूबाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, खोटं बोलायला जाणार नाहीस ना, मग हातपाय कशाला गाळतेस? वर मलाच म्हणाल्या, मोजायचं काम तुझं होतं, माझं नाही." काकू जरा हसल्या. "ब्याऐंशी वर्षांच्या आहेत. एक अक्षर चुकीचं बोलत नाहीत, तोच त्रास आहे."

मला सल्ला द्यावा लागला नाही. दुसऱ्या दिवशी त्यांनी प्रतिज्ञापत्र सही न करताच परत केलं आणि नऊ कागदांसह नवा दाखला कुलसचिवांकडे लेखी दिला.

सुनावणीला मी सोबत गेले. न्यायाधीशांनी काकूंनाच पुढे बोलावलं.

"हे कागद आधी का नाही दिले?"

"साहेब, मी वह्या मोजल्या, कागद मोजले नाहीत. वही आली नव्हती हे मला माहीत असायला हवं होतं. चूक माझी आहे, त्या मुलीची नाही."

न्यायाधीशांनी नऊही कागद एकेक करून पाहिले. पाहताना त्यांचेही ओठ हलत होते. मग त्यांनी विद्यापीठाच्या वकिलांना विचारलं, काही हरकत? वकील उठले, बसले, पुन्हा उठून म्हणाले, हरकत नाही. मुलीचा उमेदवारीचा अर्ज मंजूर झाला. बाहेर आल्यावर काकू पायरीवरच बसल्या आणि पाण्याची अख्खी बाटली संपवली.

मतदान पुढच्या आठवड्यात झालं. निकालाच्या दिवशी ती मुलगी खिडकीत आली.

"काकू, पडले मी."

"कितीने?"

"एकेचाळीस."

"पुन्हा मोजायला लावलंस?"

"दोनदा," ती म्हणाली, आणि दोघी हसत सुटल्या.

चौकशी झाली ती एका दुपारपुरती. पुढे जपून काम करावं, अशी लेखी समज मिळाली. काकूंनी ती फाईलला लावली, तारीख टाकून. निवृत्तीचे कागद वेळेवर निघाले, तेव्हा कुठे त्यांचा जीव भांड्यात पडला. माझाही.

हल्ली काकू सकाळी साडेसातपर्यंत झोपतात. चहा सासूबाई करतात.