आहेरानंतरची कविता

"घाबरलात? बरं झालं," असं ताई म्हणायच्या आणि मगच कॅमेरा सुरू करायला सांगायच्या. समोरचा माणूस थरथरत असला की त्यांना आनंद व्हायचा. कॅमेऱ्यामागे मीही थरथरत असायचो, पण त्याने चित्र हलायचं, म्हणून मला मात्र बोलणी बसायची.

ताई बदलापूरला हेंद्रेपाड्यात एकट्या राहायच्या आणि स्वतःच्या हिमतीवर माहितीपट करायच्या. माझं उल्हासनगरात लग्नाच्या व्हिडिओ शूटिंगचं दुकान. मुहूर्त नसले की त्या मला कॅमेऱ्यासकट उचलून न्यायच्या. ज्यांना कोणी लेखक-कलावंत म्हणत नाही, अशीच माणसं त्यांना लागायची. पालेगावच्या एक आजी मेलेल्या नातेवाइकांची चित्रं भिंतीवर काढायच्या, सगळे जेवायला बसलेले. उल्हासनगर कॅम्पातला एक सिंधी टेलर कादंबरी लिहायचा आणि गिऱ्हाइकाला वाचून दाखवायचा. कपडे काही वेळेवर मिळत नसत. मला सगळा वेड्यांचा बाजार वाटायचा.

अंबरनाथच्या कामगार कवीने मात्र माझी झोप उडवली. नाल्यात केमिकलचे टँकर रिकामे करणाऱ्या ठेकेदारावर त्याने कविता केली होती, आणि तीही नाव घेऊन. आधी तक्रार करणाऱ्या एकाचे पाय मोडलेले आम्ही पाहिले होते. कवीला दोन लहान मुली. "शूटिंगचं कुठे बोलू नका," कविता टिपून झाल्यावर ताईंनी त्याला बजावलं. पण कवीच तो! टपरीवर चहा पिताना सांगून मोकळा झाला.

ताईंनी ती कविता एका लग्नाच्या कॅसेटमध्ये, आहेराच्या शेवटी उतरवली आणि मूळ कॅसेट पुसून टाकली. "आहेर कोण बघतं? ज्याने दिला तोच," त्या म्हणाल्या. हुशारी खरी, पण लग्न कोणाकडचं हे आम्ही दोघांनीही पाहिलं नाही.

ठेकेदाराची तीन माणसं दुकानात आली तेव्हा ताई तिथेच बसल्या होत्या. "ए शेठ, ती कवितावाली कॅसेट काढ." मी नाही म्हटल्यावर त्यांनी फळीवरच्या कॅसेटी एकेक लावून बघायला सुरुवात केली. पाचवी का सहावी लावली आणि त्यातला दांडगा ओरडला, "आयला, ही तर आपल्या मामाची पोरगी! पुढे घे, पुढे. आपण मिक्सर दिला होता, तो दाखव."

कविता त्याच आहेराच्या शेवटी होती. त्याला मिक्सर दिसला. त्याने तो मागे नेऊन परत पाहिला, मित्रांना दाखवला, खूश झाला. आता उठेल म्हणून मी देवाचं नाव घेतलं. तो उठला नाही. मामीने काय दिलं ते त्याला बघायचं होतं. मामीच्या पाठोपाठ पडद्यावर कवी आला आणि ठेकेदाराचं नाव दुकानभर घुमलं.

कोणी काही बोलायच्या आत ताई उठून टीव्हीपुढे उभ्या राहिल्या. त्यांचा पदर थरथरताना मला दिसत होता. "हा नुसता वाचणारा आहे. लिहिणारी मी. बिचाऱ्याला अर्थसुद्धा कळला नसेल."

दुसऱ्याच्या एका ओळीतला काना हलला तरी भांडणारी ही बाई! मी काउंटरमागेच उभा राहिलो. मी भित्राच माणूस.

दांडग्याने त्यांच्याकडे खालपासून वरपर्यंत पाहिलं, कॅसेट काढून पायाखाली फोडली आणि घर कुठे ते विचारलं. ताईंनी खरा पत्ता सांगितला. त्यानंतर त्यांच्या घरासमोर रोज दोन माणसं उभी राहू लागली.

कवीच्या घराकडे कोणी फिरकलं नाही. मी जाऊन सगळं सांगितलं, तर तो माझ्यावरच भडकला. "चार वर्षं घासली ती कविता, आणि नाव त्या बाईचं? वर मला अर्थ कळत नाही?"

त्याची बायको भाकऱ्या थापत होती. मान वर न करता म्हणाली, "जीव तर तुमच्याच नावावर राहिला ना?"

तो कितीतरी वेळ मुलींकडे बघत बसला. मग चपला घालून हेंद्रेपाड्याला गेला. घराला कुलूप होतं आणि समोर कोणी उभं नव्हतं. त्या निघून गेल्या की त्यांना नेलं, हे शेजाऱ्यांनाही सांगता येईना.

तिथून घरी न जाता तो पुढे माझ्या दुकानात आला. "भेटल्या तर सांगा, ती कविता त्यांचीच."

त्या मला पुन्हा भेटल्या नाहीत.